जलदुर्ग जोडीनं पाहावेत : अलिबाग ते मुरूड

रायगडच्या किनाऱ्यावरचे किल्ले बघायला निघालेली बहुतेक मंडळी थेट जंजिरा गाठतात, कलालबांगडी तोफेपाशी फोटो काढतात आणि परत येताना काशीदच्या वाळूत बसतात. त्यात वाईट काही नाही. पण या समुद्रावर कोण कोणाशी आणि कशासाठी झगडत होतं हे कळायला हवं असेल, तर एकटा किल्ला बघून भागत नाही. इथे खांदेरीसमोर उंदेरी आहे, रेवदंड्यासमोर कोरलई आहे, जंजिऱ्यासमोर पद्मदुर्ग आहे. एकानं एक खडक धरला की दुसऱ्यानं समोरचा धरायचा, असा हा दोन-अडीचशे वर्षांचा खेळ. या हिवाळ्यात आम्ही काही मित्रांनी या जोड्या डोक्यात ठेवूनच अलिबाग ते मुरूड केलं. तुम्हीही तसंच करा.

आधी जाण्याचं. मुंबईहून गेटवे ते मांडवा बोट सगळ्यात सुखाची, काही कंपन्यांच्या तिकिटात पुढची अलिबागची बसही धरलेली असते. गाडी न्यायची असेल तर भाऊच्या धक्क्यावरून रो-रो आहे. अलिबागहून मुरूडला जाणारी एसटी रेवदंडा, कोरलई, काशीद करत जाते, त्यामुळे गाडी नसली तरी अडत नाही. पावसाळ्यात मात्र जाऊ नका. गेटवेच्या लहान बोटी बंद असतात आणि किल्ल्यांवर नेणाऱ्या होड्याही किनाऱ्यावर ओढून ठेवलेल्या असतात. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हे दिवस उत्तम.

आता सगळ्यात महत्त्वाचं, पाणी. हॉटेल बुक करण्याआधी पंचांग बघा. कोळ्यांचा जुना हिशेब असा, की तिथीला पाऊणनं गुणायचं, भरतीची वेळ येते. चतुर्थी असेल तर चार पाऊणे तीन, म्हणजे तीनच्या सुमाराला भरती आणि सकाळी नवाच्या आसपास पूर्ण ओहोटी. अलिबागसमोरच्या कुलाबा किल्ल्याला चालत जायचं तर हीच वेळ हवी. पौर्णिमा-अमावास्येला पाणी सगळ्यात लांब जातं खरं, पण ते पहाटे आणि सूर्यास्ताच्या वेळी. अष्टमीला ओहोटी भर दुपारी येते, पण तेव्हा भांग असतो, पाणी पुरतं उतरतच नाही. म्हणून तृतीया ते पंचमी, कुठल्याही पक्षातली. हिशेब पाऊण-एक तास इकडेतिकडे होतो, तेव्हा त्या दिवसाचं भरतीचं वेळापत्रक मोबाइलवर बघून खात्री करून घ्या.

कुलाब्याला आम्ही ओहोटीला चालत गेलो. घोडागाड्याही असतात, पण घोट्याएवढ्या पाण्यातून चालत जाण्यात गंमत आहे. शिवाजी महाराजांनी १६८० मध्ये या किल्ल्याचं काम काढलं, संभाजीराजांच्या काळात ते पुरं झालं, आणि पुढे हे आंग्र्यांचं मुख्य ठाणं झालं. उत्तरेला लागूनच छोटा सर्जेकोट आहे. तिथे शत्रूनं तोफा चढवल्या तर कुलाब्याची धडगत नाही, म्हणून तो आधीच बांधून टाकला. लोक किल्ल्यातल्या सिद्धिविनायकाचं दर्शन घेऊन परत फिरतात. तुम्ही सर्जेकोटाकडे जा आणि तिथून किनाऱ्याकडे तोंड करून उभे राहा.

१७२१ च्या अखेरीस या समोरच्या जमिनीवर इंग्रज आणि पोर्तुगीज एकत्र उतरले होते. एरवी एकमेकांचं तोंड न बघणारे हे दोघे कान्होजी आंग्र्यांमुळे एक झाले. भांडण दस्तकांचं, म्हणजे समुद्रातून जायच्या परवान्यांचं, होतं. आपल्या पाण्यातून जाणाऱ्या गलबतानं आपलं दस्तक घेतलंच पाहिजे असं कान्होजींचं म्हणणं, आणि इंग्रजांच्या ईस्ट इंडिया कंपनीचं म्हणणं की आमचा परवाना असला की बस, मग माल देशी व्यापाऱ्याचा का असेना. इंग्रज कान्होजींना चाचा, म्हणजे समुद्री लुटारू, म्हणत. पण हेच पोर्तुगिजांनी दोनशे वर्षं केलं होतं: त्यांच्या परवान्याशिवाय, म्हणजे कार्ताझशिवाय, गलबत दिसलं की जप्त. मोगल आणि आदिलशहासुद्धा मुकाट्यानं कार्ताझ घेत. तेव्हा त्याला चाचेगिरी कोणी म्हटलं नाही.

असो. कमोडोर मॅथ्यूज हा इंग्लंडच्या राजाची लढाऊ जहाजं घेऊन आला होता, पोर्तुगिजांचा विजरई, म्हणजे व्हाइसरॉय, गोव्याहून आला होता. हल्ला फसला. तेवढ्यात बाजीराव घोडदळ घेऊन आले आणि पोर्तुगिजांनी १७२२ च्या जानेवारीत इंग्रजांना बाजूला ठेवून परस्पर तह करून टाकला. मॅथ्यूज इतका भडकला होता की त्यानं पोर्तुगीज सेनापतीच्या तोंडात छडी खुपसली, असं त्या मोहिमेतल्या एका इंग्रजानं लिहून ठेवलंय. आरमारी जहाजांना या उथळ पाण्यात किल्ल्याच्या जवळ येताच येत नव्हतं, हे भिजलेल्या पायांनी परतताना नीट कळतं.

गावात कान्होजींची छत्री आहे. दहा मिनिटं लागतात, चुकवू नका.

खांदेरीला थळच्या बंदरावरून जावं लागतं. ठरलेली फेरी नाही, होडी पूर्ण ठरवावी लागते, त्यामुळे आठ-दहा जण जमवा म्हणजे परवडतं. भाव आणि थांबण्याची वेळ आधीच बोलून घ्या. बेटावर १८६७ चं दीपगृह आहे, वेताळाचं देऊळ आहे, कोळी लोकांची त्यावर मोठी श्रद्धा. दगडानं ठोकल्यावर भांड्यासारखा वाजणारा एक खडक आहे, तो पोरांना दाखवा. २०२५ मध्ये युनेस्कोच्या यादीत जे बारा मराठा किल्ले गेले त्यात खांदेरी आहे, त्यामुळे आता वर्दळ वाढेल.

पण इथे करायचं काम एकच. तटावर चढा आणि मुंबईच्या बंदराचं तोंड कुठे येतं ते बघा. १६७९ मध्ये महाराजांच्या माणसांनी इथे दगड रचायला सुरुवात केली तेव्हा मुंबईतल्या इंग्रजांची झोप का उडाली, हे कोणी समजावून सांगावं लागत नाही. बंदरात शिरणारं प्रत्येक जहाज इथून दिसणार होतं. त्यांनी जहाजं पाठवून बेटाची कोंडी करायचा प्रयत्न केला. सप्टेंबरात त्यांचा एक अधिकारी थॉर्प मारला गेला, ऑक्टोबरात केग्विन आणि मिंचिन यांच्या रिव्हेंज जहाजानं मराठ्यांचा मोठा ताफा मागे हटवला, पण कोंडी काही जमली नाही. मराठ्यांच्या आरमाराचा सरदार दौलतखान याच्या लहान होड्या रात्री किनाऱ्याच्या बाजूनं, जिथे रिव्हेंजचा तळ खडकाला लागला असता अशा पाण्यातून, माणसं आणि सामान बेटावर पोचवत राहिल्या. इंग्रजांना शेवटी तह करावा लागला. मात्र त्याआधी, १६८० च्या जानेवारीत, मोगलांच्या वतीनं लढणारा जंजिऱ्याचा सिद्दी कासम शेजारच्या उंदेरीवर जाऊन बसला. खांदेरीच्या तटावरून उंदेरी इतकी जवळ दिसते की तिथल्या सिद्दीला इथली चूल पेटलेली कळत असेल. उंदेरीला धक्का नाही, खडकावर उडी मारून उतरावं लागतं. आमच्या नाखव्यानं पाण्याकडे बघून सरळ सांगितलं, “आज नाय जमायचं दादा, लाट बसतेय.” आम्ही वाद घातला नाही. तुम्हीही घालू नका.

सगळ्यात जास्त वेळ ठेवा तो रेवदंडा आणि कोरलईला. कुंडलिका खाडीच्या तोंडाशी अलीकडे रेवदंडा, पलीकडे कोरलईचा डोंगर, आणि मागे नारळ-सुपारीच्या वाड्यांत हरवलेलं चौल. हे चौल म्हणजे टॉलेमी या ग्रीक भूगोलकाराच्या वेळेपासून ठाऊक असलेलं बंदर. दहाव्या शतकात अरब प्रवासी मसूदी इथे येऊन गेला, तो याला सैमूर म्हणतो. मुंबई तेव्हा कोणाच्या खिजगणतीतही नव्हती.

खाडीच्या पुलावर, गर्दी नसेल तेव्हा, बाजूला थांबून पाणी बघा. १५०८ च्या मार्चमध्ये इथे झालेली लढाई युरोपात गाजली. मिरी लाल समुद्रातून इजिप्तला जायची, तिथून व्हेनिसला. पोर्तुगीज आफ्रिकेला वळसा घालून आले आणि ही वाट तोडायला लागले. म्हणून इजिप्तच्या मामलुक सुलतानानं अमीर हुसेनच्या हाताखाली आरमार धाडलं, ते थेट कोकणात पोचलं. पोर्तुगिजांच्या बाजूला पहिल्या विजरईचा तरुण मुलगा लोरेन्सो द आल्मेदा होता. दीवचा मलिक अयाज वल्ह्यांच्या हलक्या होड्या घेऊन इजिप्तच्या मदतीला आल्यावर पारडं फिरलं. बाहेर पडताना लोरेन्सोचं जहाज कोळ्यांनी मासेमारीसाठी रोवलेल्या खांबांत अडकलं, आणि तिथेच तो तोफगोळ्यांनी मेला. या किनाऱ्यावर डोल जाळ्यांसाठी आजही खांब रोवतात. बापानं पुढच्याच वर्षी, १५०९ च्या फेब्रुवारीत, दीवला सूड घेतला आणि पुढची शंभर वर्षं या समुद्रात पोर्तुगिजांना तोड उरली नाही.

अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या परवानगीनं पोर्तुगिजांनी १५२१ मध्ये रेवदंड्यात किल्ला बांधायला घेतला. आज गावातला रस्ता तटाच्या आतून जातो, घरं, वाड्या, विहिरी सगळं किल्ल्यातच. सातखणी मनोरा हे ओळखीचं ठिकाण, वरचे मजले ढासळलेत, आत चढायचा मोह आवरा. समुद्राच्या बाजूचा तट ओहोटीला बाहेरून चालत बघता येतो, तो अवश्य बघा. १५७०–७१ मध्ये मुर्तजा निजामशहानं या तटाला महिनोन्‌महिने वेढा घातला होता, त्याच वेळी तिकडे आदिलशहा गोव्याला भिडला होता. दोन्ही वेढे फसले. निजामशहाचे सरदार पोर्तुगिजांनी पाठवलेल्या दारूला भुलले, असं इतिहासकार फरिश्ता लिहितो. असेलही. पण समुद्राकडची बाजू मोकळी असताना नुसत्या जमिनीवरून बंदराची उपासमार करता येत नाही, हे तटावरून दिसतंच.

मग निजामशाहीला शहाणपण सुचलं आणि त्यांनी पलीकडच्या डोंगरावर, कोरलईला, तटबंदी उभी केली, म्हणजे खाडीचं तोंड वरून आवळता येईल. १५९४ मध्ये पोर्तुगिजांनी तीच जागा हल्ला करून घेतली. पळापळीत एक हत्ती दरवाजातच पडला आणि दार लावता येईना, असं पोर्तुगीज हकिकतींत आहे. ज्यासाठी ती जागा बांधली ती समोरच्याच्याच कामी आली.

कोरलईला चढायची सोपी वाट दीपगृहाच्या मागून पायऱ्यांची. डोंगर जेमतेम तीनशे फूट, अर्ध्या तासात माथा, पण सावली नाही. सकाळी लवकर किंवा चारनंतर जा, पाणी जवळ ठेवा. किल्ला म्हणजे डोंगराच्या धारेवरची लांबोळकी पट्टी, आडव्या भिंतींनी तोडलेली: एक भाग गेला तरी पुढच्यात लढता यावं अशी. वर चर्चचे अवशेष आहेत, पोर्तुगीज शिलालेख आहेत. एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला खाडी आणि समोर रेवदंड्याच्या माडांची रांग. आशियाभर दरारा असलेल्या सत्तेच्या हातात इथे प्रत्यक्षात किती जमीन होती, ते एका नजरेत मावतं.

१७३९ मध्ये वसई पडल्यावर हे टिकणं शक्य नव्हतं. १७४० च्या तहानं चौल आणि कोरलई मराठ्यांकडे आले. सत्ता गेली, पण डोंगराच्या पायथ्याच्या गावातली ख्रिस्ती माणसं आजही घरात पोर्तुगीज-मराठी मिसळीची आपली बोली बोलतात, नो लिंग. गावातून जाताना कॅमेरा गळ्यातच राहू द्या. लोकांना ‘बोलून दाखवा’ म्हणणाऱ्या पर्यटकांचा कंटाळा आलेला आहे. आम्ही सरबत प्यायला बसलो तेव्हा मावशी शेजारणीशी आपल्या बोलीत बोलत होत्या आणि आमच्याशी अस्सल रायगडी मराठीत.

चौलचं बंदर मात्र तलवारीनं कमी आणि मुंबईनं जास्त मारलं. इथले रेशीम विणकर सतराव्या शतकात इंग्रजांनी मुंबईला बोलावून नेले, व्यापार त्यांच्यामागून गेला.

जंजिऱ्याबद्दल सगळ्यांनी लिहिलंय, मी थोडक्यात उरकतो. राजपुरीच्या धक्क्यावरून शिडाच्या होड्या जातात. शनिवार-रविवारी रांग असते, आठवड्यातल्या मधल्या दिवशी जा. किल्ल्यात मिळणारा वेळ ठरलेला असतो, त्यामुळे आधी तटावरून एक फेरी मारा आणि पद्मदुर्ग कुठे आहे ते शोधा. महाराजांनी १६७५ च्या एका पत्रात, तिथे रसद पोचवण्यात कुचराई करणाऱ्या सुभेदाराला झापताना, पद्मदुर्ग वसवून राजपुरीच्या, म्हणजे जंजिऱ्याच्या, उरावर दुसरी राजपुरी केल्याचं म्हटलंय. जंजिरा शेवटपर्यंत मिळाला नाही. पण सिद्दीला रोज उठून हा तट बघावा लागला.

पद्मदुर्गच्या भिंतींत समुद्रानं दगड खाल्लाय आणि दोन दगडांमधला चुना तसाच पुढे उभा आहे. हे बघायला तिथे उतरावं लागतं, आणि तिथली होडी मिळणं नशिबावर आहे. मुरूडजवळच्या एकदरा कोळीवाड्यात आदल्या संध्याकाळीच विचारा, परवानगी लागते का तेही तिथेच कळेल. बेटावर पाणी, सावली, दुकान काहीच नाही. पायांत घट्ट बसणारे बूट हवेत, कारण खडकांवर शेवाळ असतं. होडी नाहीच मिळाली तर मुरूडच्या वाळूवरूनही किल्ला स्पष्ट दिसतो, दुर्बीण असेल तर न्या.

राहायला रेवदंडा किंवा मुरूड, दोन्हीकडे घरगुती सोय आहे. मासे सांगताना भाव आधी विचारा. जानेवारी-फेब्रुवारीत गेलात तर रात्री वाडीत पोपटी, म्हणजे मडक्यात भाजलेल्या शेंगा, लावायला सांगा, वालाच्या ताज्या शेंगा त्याच दिवसांत मिळतात, पण मडकं आणि भांबुर्डीचा पाला जमवायला यजमानांना एक दिवस आधी कळवावं लागतं.