गाय एकटी विते, मग बाईलाच का?

तुम्ही विचारलंत म्हणून. मी गुरांचा डॉक्टर; गोठ्यात विचारता, लग्नाच्या पंगतीतही: "डाक्टरसाब, देवणी गाय रातीतून एकटीच विती, सकाळी वासरू उभं. मग बाईलाच लातूरला कशाला न्यायचं?"

एकतर गायही अडते. पहिलारू कालवडीला मोठ्या जातीचं रेतन करा, मग खांद्यापर्यंत हात मलाच घालावा लागतो. पण वासराची वाट सरळ असते: पुढचे दोन खूर, त्यावर टेकलेलं तोंड. दोन पायांवर चालणाऱ्या बाईचं कटीर, म्हणजे कमरेच्या हाडांचा घेर, निराळं. वाट आत शिरताना आडवी रुंद, बाहेर पडताना उभी. बाळाला आधी डोकं वळवावं लागतं, मग खांदे. बहुतेक वेळा ते आईकडे पाठ करून येतं, त्यामुळे तिला स्वतः ओढून घेता येत नाही. म्हणून दुसऱ्याचा हात असलेला बरा. सुईण काही हौसेनं बोलवत नव्हते.

हे आजचं शहाणपण. तेव्हा मीच बायकोला म्हणालो होतो, "शेकड्यानं वेत केलेत मी, घाबरतेस काय?"

कळा रात्री अकराला सुरू झाल्या. आई म्हणाली, गाडी काढ. मी म्हणालो, पहिलटकरीण आहे, वेळ लागतो. गाडी काढली अडीचला. दवाखान्यात डोकं आलं आणि खांदा अडकला. दाराबाहेर माझ्या मुठी आवळलेल्या, जणू हातात दोर आहे. अडलेलं वासरू आम्ही ओढतो. इथं ओढणं हाच घात असतो, हे आतल्या सिस्टरच्या ओरडण्यावरून कळलं.

लेक वाचली. उजवा हात खांद्याच्या वर जात नाही. वेणी अजून तिची आई घालते.

वेळेत आणलं असतं तरी खांदा अडकला असता, असं डॉक्टर म्हणाले. असेलही. मी मानववंशशास्त्रज्ञ वॉशबर्नच्या १९६० च्या मांडणीआड लपलो: ताठ चालणं आणि मोठं डोकं यांची ही ओढाताण, माझा काय दोष? पुढं २०१२ साली डन्सवर्थ या संशोधिकेनं आणि सहकाऱ्यांनी म्हटलं, बाळ कधी जन्मतं हे कटीर ठरवत नाही, आईच्या शरीराची पोसायची ताकदच नऊ महिन्यांत संपते. तो वाद चालूच आहे. माझाही, त्या साडेतीन तासांशी.

आता कुणी गाईचं विचारलं, की मी विचारतो: सुनेला कितवा महिना? आणि रात्री गाडी कुणाची आहे?