कल्हईचं पातेलं आतून घासू नका, प्लीज

दोन वर्षांपूर्वी आईने तिचं पितळी पातेलं मला दिलं, चांगलं जाडजूड, आणि द्यायच्या आधी कल्हई करून घेतलेली त्यामुळे आतून चांदीसारखं लखलखत होतं. महिनाभर वापरल्यावर आतून राखाडी दिसायला लागलं. मला वाटलं डाग पडलेत, म्हणून चिंच आणि तारेची घासणी घेऊन बाहेरून घासते तसंच आतूनही खसाखसा घासलं, मस्त पिवळंधमक झालं आणि मी खूश. दुसऱ्या दिवशी त्यात कढी केली आणि ती कळकली. हिरवट झाक आणि घशाशी येणारी ती चव, सगळी टाकून द्यावी लागली. आईला फोन केला तर तिचा पहिला प्रश्न, अगं आतून कशाला घासलंस?

तर कल्हई म्हणजे कथलाचा, म्हणजे टिन या धातूचा, अगदी पातळ थर. पितळेत तांबं आणि जस्त असतं, ताक, चिंच, टोमॅटो असं आंबट काही लागलं की ते अन्नात उतरतं, त्यालाच आपण कळकणं म्हणतो. मधे कथील असलं की ते होत नाही. आणि वापरून कथील राखाडी होतं तो मळ नव्हेच, तसंच राहू द्यायचं. बाहेरून चिंच, पितांबरी, काय हवं ते लावा. आतून मात्र मऊ स्पंज आणि साधा भांड्यांचा साबण, बास. काही चिकटलं असेल तर कोमट पाणी घालून तासभर ठेवा, आपोआप सुटतं. धुतल्यावर लगेच कोरडं पुसा आणि ढवळायला लाकडी डाव घ्या.

दुसरी गोष्ट आचेची. कथील २३२ अंशाला वितळतं. वरण, कढी, दूध उकळताना पातेल्यात पाणी असतं त्यामुळे तापमान शंभरच्या आसपासच राहतं, काही होत नाही. पण रिकामं पातेलं गॅसवर राहिलं किंवा नुसतं तेल कडकडीत तापवलं की कल्हई तळाला गोळा होते. आई फोडणी नेहमी लोखंडी कढल्यात करून वरून ओतते, मला ती नुसती तिची सवय वाटायची, आता कळलं का ते. तामिळनाडूत तर रसमसाठी अख्खं कथलाचंच भांडं असतं, ईयचोंबू, चेन्नईची माझी मैत्रीण आधी त्यात रसम ओतते आणि मगच गॅस लावते, रिकामं ठेवलं तर भांडंच वितळेल.

मग परत कल्हई करायला पुण्यात कसबा पेठेत गेले, तांबट आळीच्या जवळ. तिथे उभं राहून बघण्यासारखं असतं खरंच. भट्टीवर पातेलं तापलं की नवसागराची पूड टाकतात, पांढरा धूर निघतो आणि नाकाला झोंबतो, त्या नवसागराने पितळेवरचा काळा थर निघून जातो म्हणूनच कथील धरतं. मग कथलाची कांडी नुसती टेकवायची आणि कापसाच्या बोळ्याने भराभर फिरवायचं, दोन मिनिटांत सगळं पातेलं आतून पांढरं! एवढं कसब त्या हातात आणि पोरं या धंद्यात यायला तयार नाहीत, फार वाईट वाटतं.

एक मात्र विचारून घ्या, कांडी कथलाचीच आहे ना. शिसं मिसळलेलं स्वस्त पडतं पण ते पोटात जाणं विषारी. चांगल्या कथलाची कांडी कानाशी धरून वाकवली तर करकर आवाज येतो, शिशाची मुकाट वाकते, आणि शिसं कागदावर ओढलं तर काळी रेघ उमटते. मला त्या काकांनी स्वतःहून कांडी वाकवून आवाज ऐकवला.

आता परत तळाशी दोन पिवळे ठिपके दिसायला लागलेत. म्हणून ताक-चिंचेचं सध्या स्टीलमध्ये, आणि दिवाळीआधी पातेलं घेऊन परत त्या काकांकडे जायचंय, या वेळी आईची तपेलीसुद्धा नेणारे.