कॅनव्हासला सूर सापडला, पण तो जागेवर राहत नाही

चित्र काढताना कॅनव्हासमधून उठणारा आवाज स्पीकरवर घुमवायचा आणि त्याच्यासोबत एक गायिका गाणार, अशा मैफलीची तालीम चाललीय. मागच्या वेळी मोठ्या ऐटीत लिहिलं होतं की फीडबॅकचा, म्हणजे स्पीकरचा आवाज पुन्हा कॅनव्हासमध्ये शिरून घुमत राहण्याचा, प्रश्न मिटला. कसला मिटतोय! परवाच्या तालमीत पातळ निळ्या रंगाचा पहिला मोठा हात (वॉश) मारला आणि स्पीकरमधून असा हुंकार उठला की हातातला ब्रश पडला. पडल्याचा आवाज लूपमध्ये, म्हणजे टिपलेला आवाज पुन्हा पुन्हा वाजवणाऱ्या यंत्रात, गेला. पुढची तीन मिनिटं दर आठ सेकंदांनी ब्रश पडत होता आणि मी पेडल शोधत होते.

कारण आत्ता कळलं. पिएझो, म्हणजे कंपनं टिपणारी माइकची चकती, मधोमध, थेट कापडावर. कोरड्या कॅनव्हासवर हुंकार २०८ हर्ट्झच्या आसपास येतो, म्हणून ईक्यूने (ठरावीक सूर कमी-जास्त करणाऱ्या बटणांनी) बरोबर तिथेच कापलं होतं. पण ताणलेलं कापड म्हणजे चामड्याची पुडीच की! पातळ अ‍ॅक्रिलिक प्यायलं की जड होतं, सैलही पडतं, आणि सूर खाली घसरतो. मी कुलूप लावलंय एका दाराला, चोर शेजारच्या दाराने आत.

मग चौकटीमागच्या, कापड ताणणाऱ्या पाचरी ठोकल्या, तबल्याचे गठ्ठे ठोकावेत तशा. सूर चढला. रंग वाळल्यावर आणखी चढला. एका कोपऱ्यात जेसोला, म्हणजे रंगाखालच्या पांढऱ्या अस्तराला, बारीक तडा गेला, तेव्हा हातोडी खाली ठेवली.

शेवटी पिएझो कापडावरून काढून मागच्या लाकडी पट्टीवर चिकटवला. शांतता! पॅलेट नाइफचा खरवडा अजूनही झकास येतो, पण कोरड्या जेसोवर बारा नंबरचा राठ केसांचा हॉग ब्रश आडवा ओढल्यावर केरसुणीसारखी जी सळसळ यायची, ती गेली. १९६६ साली न्यूयॉर्कमध्ये अमेरिकन चित्रकार रॉबर्ट राउशेनबर्गने टेनिस रॅकेटच्या मुठीत एफएम ट्रान्समीटर बसवून प्रत्येक फटका सभागृहात घुमवला होता. त्याची रॅकेट ओली होत नव्हती, एवढंच म्हणेन.

पिएझो थेट मिक्सरला लावणाऱ्यांसाठी पुन्हा एकदा: २० नॅनोफॅरडची चकती १० किलोओमच्या इनपुटला जोडली की साधारण ८०० हर्ट्झखालचं सगळं उतरणीला लागतं. मध्ये एक मेगाओम इनपुटचा बफर, म्हणजे दोघांची जुळणी करणारं छोटं सर्किट, हवाच. आणि वायर जोडलेल्या तयार चकत्या घेऊ नका, त्यांचं सोल्डर नुसत्या फुंकरीने सुटतं. साधी २७ मिलिमीटरची घ्या, डाग स्वतः द्या.

हे लिहिता लिहिता पेटीवर बोट ठेवून पाहिलं. २०८ म्हणजे काळी चार! पुरता भिजल्यावर कॅनव्हास जवळजवळ काळी तीनवर येतो. मग हुंकार बंद करायचा कशाला? लाकडी पट्टीवरचा पिएझो लूपसाठी ठेवते, कापडावर दुसरा लावून व्हॉल्यूम पेडलवर घेते. चित्र भिजेल तसा आधारस्वर उतरेल, गाणं त्याच्यामागून.

गाणारीला लगेच फोन केला. "मैफलीत षड्ज हलवलास तर मी उठून जाईन," म्हणाली. उद्या पाण्याची फवारणी घेऊन तिच्याकडे जातेय. ट्यूनर तिच्याच हातात देणार.