सर आणि केशानचा अली

शाळेचं पत्र आलं. सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी मनोगत पाठवा, शब्दमर्यादा पाचशे. ती पाळली जाणार नाही हे आधीच सांगतो. संपादक मंडळानं खुशाल कात्री चालवावी. चिंचेचं झाड, घंटा, पाण्याची टाकी, प्रार्थनेनंतरची चप्पल-तपासणी यांवर बाकीचे लिहितीलच. इथे फक्त सर. कोणते, ते आपल्या शाळेत विचारावं लागत नाही. इतिहास शिकवणारे, जर्मन येणारे आणि डिसेंबरात नाटक बसवणारे सर एकच होते. आणि सरांबद्दल लिहायचं तर तुर्की नाटककार हाल्दुन तानेर टाळता येत नाही.

बाकीच्या शाळा संमेलनाला पृथ्वीराज-संयोगिता करत होत्या, तेव्हा आपल्या फळ्यावर या तुर्की नाटककाराचं नाव होतं. सरांकडे त्याच्या गाजलेल्या नाटकाचं जर्मन भाषांतर होतं. तुर्की नाव 'केशानली अली देस्तानी'. केशान हे एदिर्ने प्रांतातलं गाव. 'देस्तान' म्हणजे आपली दास्तान, पण सरांनी तो शब्द खोडून 'पोवाडा' लिहिला. त्या एका शब्दानं पुढे काय गोंधळ घातला ते खाली येईलच.

पहिल्या दिवशी सरांनी नाटक वाचलंच नाही. फळ्याचे दोन भाग केले, डावीकडे तुर्की, उजवीकडे मराठी. पेर्दे, पडदा. दुक्यान, दुकान. मेयदान, मैदान. महाल्ले, मोहल्ला. हाफ्ता म्हणजे आठवडा, आणि आपल्याकडे 'हप्ता' कोण कुणाकडून घेतो ते मुलांना सांगावं लागलं नाही. फारसी-अरबीच्या एकाच पेठेतून दोन्ही घरांत आलेला हा माल. परक्या देशाचं नाटक परकं वाटू नये, याचा याहून सोपा मार्ग मला अजून दिसलेला नाही.

तानेरचा जन्म १६ मार्च १९१५, इस्तंबूल. वडील कायद्याचे प्राध्यापक, ते तानेरच्या लहानपणीच गेले. शिक्षण गालातासराय शाळेत. १८६८ मध्ये सुलतानाच्या राजवटीत तिला नवं रूप मिळालं, फ्रेंचमधून शिकवलं जाऊ लागलं, आणि देशाचे कितीतरी मंत्री, वकील, लेखक तिथून बाहेर पडले. तिथले माजी विद्यार्थी दर वर्षी जूनमध्ये एका रविवारी शाळेत जमून पुलाव खातात. त्या दिवसाचं नावच 'पुलाव दिवस'. आपल्या मेळाव्यातल्या मसालेभातालाही असं काही नाव द्यावं, ही सूचना जाता जाता.

१९३५ मध्ये तिथून बाहेर पडल्यावर तानेर जर्मनीत हायडेलबर्गला अर्थशास्त्र शिकायला गेला. १९३८ मध्ये क्षय झाला, परत यावं लागलं, पुढची काही वर्षं उपचारात गेली. सर म्हणत, क्षयानं तुर्कस्तानचा एक अर्थशास्त्रज्ञ कमी केला आणि एक नाटककार वाढवला. बरा झाल्यावर त्यानं इस्तंबूल विद्यापीठात जर्मन साहित्य घेतलं, १९५० मध्ये पदवी मिळवली आणि १९५५ ते ५७ व्हिएन्नात नाट्यशिक्षण घेतलं. मधल्या काळात कथा. न्यूयॉर्क हेराल्ड ट्रिब्यूनच्या १९५३ च्या कथास्पर्धेत पहिली आलेली त्याची कथा सर फक्त एका कारणासाठी सांगत. पावसात शिशहाने भागात कचरागाडीचा म्हातारा घोडा आरशात स्वतःलाच बघून बुजतो. रस्ता तुंबतो, आणि त्या तुंबण्याचे परिणाम एकमेकांना ओळखतही नसलेल्या माणसांपर्यंत पोचतात. नाटक लिहिणाऱ्यानं आधी घोडा शोधावा, मग माणसं, असं सरांचं म्हणणं.

आता अली. इस्तंबूलच्या डोंगरउतारावरची झोपडपट्टी, नाव सिनेक्लिदा, म्हणजे माशांचा डोंगर. अशा वस्तीला तुर्कीत 'गेजेकोंदू' म्हणतात: गेजे म्हणजे रात्र, कोंदू म्हणजे येऊन बसलं. रात्रीत भिंती आणि छप्पर उभं राहिलं की सकाळी ते पाडणं सरकारी माणसाला जड जातं, हा सगळ्या वस्तीचा हिशोब. इथला गुंड चामुर इहसान, चामुर म्हणजे चिखल. त्याचा खून होतो, आळ अलीवर येतो. मी मारलं नाही, असं अली तुरुंगात सांगत राहतो. कोणी मानत नाही. उलट न केलेल्या खुनामुळे त्याला मान मिळायला लागतो. मग तो सांगणंच सोडून देतो. माफीत सुटून परततो तेव्हा वस्तीनं त्याचा वीर करून ठेवलेला असतो. निवडणूक होते, अली मुहतार होतो, म्हणजे वस्तीचा सरपंच म्हणा. जुनी दादागिरी जाते आणि नवी, शिस्तीतली वसुली येते. झिल्हा ही इहसानची भाची, अलीची प्रेयसी. मामाचा मारेकरी म्हणून ती त्याचं तोंड बघत नाही. शेवटी खरा खुनी जाफर समोर उभा राहतो आणि अलीच्या हातून तो खरोखर मरतो. खोट्या खुनानं अलीला खुर्ची मिळाली, खऱ्या खुनानं तुरुंग. सगळं नाटक या दोन खुनांच्या मधल्या अंतरात आहे.

३१ मार्च १९६४ ला इस्तंबूलमध्ये पहिला प्रयोग झाला. गुलरिझ सुरुरी आणि एंगिन जेझार यांची मंडळी, त्यांच्याच मुख्य भूमिका, दिग्दर्शन गेंजो एर्काल, संगीत याल्चिन तुरा. तुर्की रंगभूमीवरचं पहिलं महाकाव्यात्म, म्हणजे प्रेक्षकाला भारावून न टाकता विचार करायला लावणारं, बर्लिनच्या ब्रेश्ट या नाटककाराच्या वळणाचं नाटक म्हणून ते ओळखलं जातं. त्याच वर्षी आतिफ यिल्माझनं त्यावर चित्रपट केला, फिक्रेत हाकान आणि फात्मा गिरिक यांना घेऊन. ब्रेश्टवरूनच बेतलेला पुलंचा 'तीन पैशाचा तमाशा' आला १९७८ मध्ये, म्हणजे ब्रेश्टला लोकनाट्याच्या मांडवात बसवण्याचा उद्योग तानेरनं चौदा वर्षं आधीच करून ठेवला होता. पण सरांना 'तुर्की ब्रेश्ट' हे बिरूद आवडत नसे. तानेरचं अर्धं घराणं व्हिएन्नाचं आणि अर्धं ओर्ताओयुनूचं, असं ते बजावत.

ओर्ताओयुनू म्हणजे 'मधला खेळ'. प्रेक्षक चारी बाजूंनी, मधली मोकळी जागा म्हणजे पालांगा. सामान दोनच: एक घडीचा पडदा, त्याला 'येनी दुन्या', नवं जग म्हणायचं, ते घर, आणि एक बुटकं दुकान. सनई-ढोलकीसारखी झुर्ना आणि ढोल. पिशेकार हा सूत्रधार हातात चिरफळी (आपटली की वाजणारी चिरलेली काठी) घेऊन येतो, खेळ सुरू झाल्याचं सांगतो, आणि कावुकलू हा विदूषक त्याच्या प्रत्येक वाक्याचा उलटा अर्थ काढतो. आधी त्या दोघांची शब्दांची झटापट, मग गोष्ट. ज्यानं तमाशातली बतावणी आणि त्यानंतरचा वग पाहिला आहे, त्याला ही रचना समजावून द्यायला नको. नट भूमिकेतून बाहेर येऊन प्रेक्षकाशी बोलतो, यासाठी तुर्कांनाही बर्लिनला जाण्याची गरज नव्हती आणि आपल्यालाही नव्हती.

तर त्या वर्षीचं संमेलन. अख्खं नाटक शाळेत शक्य नव्हतं. सरांनी पाऊण तासाची पाच दृश्यं बांधली. वस्ती बारा मुलांच्या कोरसची. अलीचा धारावीकर दादा करा, असा आग्रह अनेकांनी केला. सरांनी एकही नाव बदललं नाही. नाव बदललं की प्रेक्षक आपल्या ओळखीचा गुंड शोधत बसतो आणि गोष्ट हातची जाते, हे कारण. मोरीवाली शेरीफ आब्ला (आब्ला म्हणजे ताई) सार्वजनिक संडासाच्या दाराशी बसते आणि वस्तीची खबर ठेवते. तिचं 'आब्ला'सुद्धा तसंच राहिलं.

पहिल्या प्रयोगात घोटाळा झाला. तुराच्या चाली हाताशी नव्हत्या, म्हणून अलीची गाणी पोवाड्याच्या चालीवर बांधलेली. डफ, तुणतुणं, मागे झीलकऱ्यांचा 'जी जी रं जी'. पोवाडा म्हटला की मराठी छाती आपोआप पुढे येते. बारा पोरांनी जीव तोडून गायलं, अलीच्या एंट्रीला शिट्ट्या पडल्या, आणि शेवटी जाफर पडला तेव्हा सभागृहानं टाळ्यांचा पाऊस पाडला. पालकांना प्रयोग भयंकर आवडला. सर मात्र विंगेत डोक्याला हात लावून बसले होते. वस्ती कशी फसते ते दाखवायचं होतं, आणि वस्तीबरोबर पालकसभाही फसली होती.

दुसरा प्रयोग दुसऱ्याच दिवशी, म्हणजे दुरुस्तीला एक सकाळ. सरांनी संवादाला हात लावला नाही, गाण्यांना लावला. कोरस बाराचा सात केला. बाराजण एकत्र गातात तेव्हा ती फौज वाटते, सात असले की चेहरे दिसतात. झील काढून टाकली. पोवाड्याचा पहिला चौक तसाच ठेवला, पण प्रत्येक वेळी गाताना तपशील वाढवायचा: आधी एक सुरी, मग दोन, मग तलवार, मग इहसानबरोबर त्याचे चार साथीदार. अफवा वाढताना ऐकू आली की लोक आधी हसतात आणि मग सावध होतात. गाताना अलीकडे बघायचं नाही, प्रेक्षकांकडे बघायचं. अलीकडे बघितलं की ती भक्ती होते. गाणं सुरू होताना सभागृहातले दिवे लावायचे, विझवायचे नाहीत, म्हणजे शिट्टी मारणाऱ्याला शेजारचा दिसतो. आणि सगळ्यांत महत्त्वाचं, जाफर पडल्यावर संगीत शून्य. दहा आकडे मोजायचे. मग शेरीफ आब्लानं बादली घेऊन यायचं, पाणी टाकायचं आणि खराट्यानं फरशी घासायची. पत्र्याच्या बादलीचा आवाज झाला पाहिजे, म्हणून प्लॅस्टिकची बादली परत पाठवून शिपायांच्या खोलीतली जुनी आणवली.

त्या दिवशी टाळी पडली नाही. खराटा थांबेपर्यंत कोणी खोकललंही नाही. पालकांना हा प्रयोग कमी आवडला, हेही नोंदवायला हवं.

सर यशापेक्षा या चुकीबद्दलच जास्त बोलत. अशा नाटकात गाणं हे विश्रांतीचं ठिकाण नसतं, कथेला चिमटा काढायची जागा असते. चाल जितकी गोड, तितकी शब्दांवर पाळत ठेवावी लागते. हा धोका तानेरच्या नाटकात आहेच, कारण गाणी लोकांना खरंच आवडतात. लोकप्रियता हीच इथली अडचण. अलीबद्दल वस्तीला जे होतं तेच नाटकाबद्दल प्रेक्षकाला होऊ शकतं.

तानेरच्या बाकीच्या कामावर सर धावतं बोलत, मीही तेच करतो. १९६४ मधलंच दुसरं नाटक घेतो: 'डोळे मिटतो, कर्तव्य करतो' अशा अर्थाचं, शीर्षक झिया ग्योकाल्पच्या कवितेतून उचललेलं. विजदानी हा आज्ञाधारक भोळा आणि एफ्रुझ हा वारा येईल तशी पाठ देणारा, या दोघांच्या आयुष्यांतून देशाच्या काही दशकांची उलटतपासणी. १९६७ मध्ये झेकी आलास्या, मेतिन आकपिनार आणि आहमेत गुल्हान यांच्यासोबत 'देवेकुशू काबारे' निघालं, म्हणजे गाणी आणि उपहासाचे छोटे प्रवेश करणारी नाटकमंडळी. देवेकुशू म्हणजे शहामृग. शब्दशः उंट-पक्षी, धड उंट नाही की पक्षी नाही, आणि वाळूत डोकं खुपसतो असं लोक म्हणतात तो. तानेरच्या वृत्तपत्री सदराचं नावही 'शहामृगाला पत्रं' होतं. आलास्या-आकपिनार ही जोडी पुढे घराघरांत पोचली. तानेर १९७८ मध्ये बाहेर पडला आणि गुल्हानबरोबर 'तेफ' हे दुसरं काबारे काढलं. ७ मे १९८६ ला तो गेला. इस्तंबूलमध्ये कादिकॉयला बोटीच्या धक्क्याजवळ जुन्या मंडईच्या इमारतीत त्याच्या नावाचं नाट्यगृह आहे.

एका नाटकावर मात्र सर थांबत. त्यात तोमास फासुल्येजियान या एकोणिसाव्या शतकातल्या आर्मेनियन नटाची मंडळी मोलिएर या फ्रेंच नाटककाराचं एकच नाटक वेगवेगळ्या ढंगांनी करते. शेवटी फासुल्येजियानचं स्वगत आहे, रिकाम्या नाट्यगृहाबद्दल, नट गेल्यावर उरणाऱ्या आवाजांबद्दल. तुर्कस्तानात अभिनय शिकणारी पोरं ते आजही पाठ करतात. सर ते जर्मनमधून वाचत, वर्गात कोणाला अक्षर कळत नसे, आणि तरी तास संपल्याची घंटा कोणी मनावर घेत नसे.

आता शाळेत वातानुकूलित सभागृह झालंय, पडद्यावर चित्रं पडतात, संमेलनात चार मिनिटांचे नाच असतात, प्रत्येक वर्गाचा एक. व्यवस्था उत्तम आहे, तक्रार करण्यासारखं काही नाही. फक्त पाऊण तास एका जागी उभं राहणारा सातजणांचा कोरस आता कुठे दिसत नाही.

एक विनंती. सरांची नाटकाची वही दोनशे पानी, निळ्या कापडी बांधणीची. डाव्या पानावर संवाद, उजव्या पानावर हालचाली, आणि शेवटच्या दृश्यासमोर लाल शाईत 'बादली पत्र्याचीच'. सर निवृत्त झाले तेव्हा ती ग्रंथालयातल्या नकाशांच्या कपाटात ठेवली होती. कपाट नव्या इमारतीत हलवलं असेल तर खालचा कप्पा एकदा उघडून बघावा. त्याची फळी फुगलेली आहे, डावा कोपरा थोडा उचलून ओढावी लागते.