टेडीने आईला खरं का सांगितलं नाही

फिलिपिनो पिक्चर कुठून बघायला सुरुवात करू असं कोणी विचारलं की मी डोळे झाकून 'फोर सिस्टर्स अँड अ वेडिंग' सांगते. २०१३ चा आहे, डिरेक्टर कॅथी गार्सिया-मोलिना. सालाझार घरातलं शेंडेफळ सीजे लग्न ठरवतो आणि त्याच्या चारही बहिणी धावत घरी येतात, कशाला तर लग्न मोडायला! आईपेक्षा बहिणींचाच जाच जास्त, म्हणजे पोराने मोकळं व्हायचं तरी कोणाकोणापासून.

कॉमेडी जबरदस्त आहे, दोन्हीकडची मंडळी समोरासमोर आली की हसून पोट दुखतं. पण माझा जीव अडकलाय तो थोरल्या टेडीत (टोनी गोंझागा). ती स्पेनमध्ये टीचर आहे असं घरी सगळे समजतात, प्रत्यक्षात ती नोकरी कधीच गेलीये आणि ती तिकडे वेट्रेसचं, घरकामाचं काम करतेय. एवढ्या लांब एकटी राहते, स्वतः कमावते, तरी आईला काय वाटेल या धाकाने तोंड उघडत नाही. लाखो फिलिपिनो असे परदेशात राबून घरी पैसे पाठवतात, त्यामुळे तिकडच्या लोकांना टेडी किती जवळची वाटली असेल!

आणि घरच्यांचा शब्द फिलिपिन्समध्ये नुसता मान म्हणून नाही बरं का, कायद्यातच आहे. १८ ला माणूस सज्ञान होतो, पण २१ पर्यंत लग्नाला आईवडिलांची लेखी संमती लागते, पुढे २५ पर्यंत त्यांचा सल्ला घ्यावा लागतो आणि ते नको म्हणाले तर लग्नाचं लायसन्स तीन महिने लांबतं. त्यात बहुतेकांना घटस्फोटाची सोयच नाही, मग लग्न म्हटलं की अख्खं घर मध्ये पडणारच ना.

शेवटाकडे सगळे एका खोलीत मनातलं ओकतात तो सीन चुकवू नका. न्यूयॉर्कला सेटल झालेली बॉबी (बेआ अलोन्झो) रडत विचारते की सगळी माझीच चूक असल्यासारखं का वागता, तिच्या त्या चेहऱ्याचे मीम्स अजून फिरतात पण मला तिथे हसू येत नाही, कारण घरासाठी सगळं नीट करूनही ती परकीच पडलीये. आणि आई झालेली कोनी रेयेस! पोरांनी इतकी वर्षं काय काय गिळलं ते तिला पहिल्यांदा कळतं, तिचं काम बघाच.

२०२० मध्ये याचा प्रीक्वेल पण आलाय, वेगळे कलाकार घेऊन, पण आधी हाच बघा, सबटायटल्स लावून.