एकच तारीख, दोन तसबिरी

आज चौकात टिळक आणि अण्णाभाऊंच्या तसबिरी शेजारी-शेजारी मांडल्या होत्या. हार धरून उभ्या मुलाने विचारलं, "दोघांची जयंती का?"

"हो हो," म्हणत कार्यकर्ता पुढे निघून गेला.

ते "हो हो" दिवसभर सलतंय.

१ ऑगस्ट १९२०. मुंबईत सरदारगृहात लोकमान्य टिळकांचं निधन झालं. त्याच दिवशी वाळवा तालुक्यातल्या वाटेगावात अण्णाभाऊ साठे जन्मले. शाळा जवळजवळ नशिबी नाहीच. घरच्यांसोबत पायी मुंबई गाठली, गिरणीत राबले आणि पुढे संयुक्त महाराष्ट्रासाठी शाहिरीने मैदानं पेटवली! गांधीजींची असहकार चळवळही त्याच तारखेला सुरू झाली.

एवढा भरलेला दिवस आपण मुलांना नीट उलगडून का सांगत नाही?