शेन्झेन: एकही पद नसलेल्या म्हाताऱ्याचं शहर

हाँगकाँगहून मेट्रोनं लो वूला यायचं, इमिग्रेशनच्या रांगा पार करून चालत पलीकडं गेलं की आलंच शेन्झेन. बाहेर पडल्या पडल्या भलंमोठं शॉपिंग सेंटर, बॅगा नि घड्याळं, सगळं खरं की खोटं ते विचारायचं नाही. बहुतेक लोक त्यासाठीच येतात, मला मात्र चीनला बाजारपेठेकडं वळवणाऱ्या डेंग झियाओपिंगच्या खुणा बघायच्या होत्या.

आधी ग्वोमाव टॉवर. ५३ मजले, आता आजूबाजूच्या टॉवर्समध्ये पार बुटका वाटतो, पण १९८५ मध्ये बांधून झाला तेव्हा चीनमध्ये सगळ्यात उंच हाच आणि तीन दिवसांत एक मजला असा वेग होता म्हणून अजून त्याचं कौतुक चालतं. वर ४९व्या मजल्यावर फिरतं रेस्टॉरंट, तिथं जानेवारी १९९२ मध्ये डेंग येऊन बसला आणि खालचं शहर बघत बोलला. तेव्हा वय ८७ आणि हातात एकही पद नाही, लष्करी आयोगाचं अध्यक्षपदही सोडून झालेलं. आपल्याकडं अशा माणसाला मार्गदर्शक मंडळात पाठवून मोकळे होतात. हा मात्र ट्रेननं दक्षिणेत निघाला, कारण १९८९ च्या तियानआनमेन चौकातल्या विद्यार्थी आंदोलनानंतर बीजिंगमध्ये सुधारणांना ब्रेक लावणाऱ्यांचं वजन वाढलं होतं. सुरुवातीला बीजिंगच्या पेपरांत या दौऱ्याबद्दल चकार शब्द नाही! मार्चच्या शेवटी शेन्झेनच्याच पेपरनं लांबलचक वृत्तांत छापला, मग बाकीच्यांना गप्प बसणं जमेना, आणि ऑक्टोबरच्या पार्टी काँग्रेसमध्ये, म्हंजे कम्युनिस्ट पक्षाच्या अधिवेशनात, 'समाजवादी बाजार अर्थव्यवस्था' अधिकृत झाली.

म्हंजे खुर्ची नसताना देशाची दिशा फिरवली. तसा तो आधीही कधी राष्ट्राध्यक्ष नव्हता, पंतप्रधान नव्हता. माओच्या सांस्कृतिक क्रांतीत, म्हंजे पक्षातल्याच लोकांना शत्रू ठरवायच्या मोहिमेत, हाकलून दिलेला, जियांग्सीत ट्रॅक्टरच्या कारखान्यात कामाला लावलेला, मुलगा खिडकीतून पडून कायमचा अपंग झालेला. परत आला, १९७६ मध्ये परत हाकलला गेला. माओ गेल्यावर वारसदार म्हणून हुआ ग्वोफेंग बसलेला, पण डेंगची माणसं पक्षात आणि लष्करात सगळीकडं, पक्षाच्या केंद्रीय समितीच्या डिसेंबर १९७८ च्या बैठकीपासून हुआ हळूहळू बाजूलाच पडत गेला. ना खटला ना गोळी, माओच्या काळात हे जमलं नसतं.

१९८० मध्ये शेन्झेन, झुहाई, शान्तोउ आणि शियामेन हे चार विशेष आर्थिक विभाग झाले. परकीय भांडवल, करसवलत, जमीन भाड्यानं. गंमत म्हंजे शेन्झेनच्या विभागाभोवती कुंपण होतं आणि आत यायला खुद्द चिनी माणसालाही परमिट लागायचं. म्हंजे प्रयोग फसला तर आतल्या आत फसू दे. मला ही डेंगची सगळ्यात हुशार गोष्ट वाटते, खुद्द बाजारपेठेपेक्षाही. आज शहराची लोकसंख्या पावणेदोन कोटी.

संध्याकाळी लियानहुआशान पार्क. छोटीशी टेकडी, पोरं पतंग उडवतायत, आणि माथ्यावर ब्राँझचा डेंग, कोट उडतोय, तरातरा चालत निघालाय. प्रत्यक्षात उंची पाच फुटांच्या आसपास, इथं सहा मीटर. पायाशी फुलं, सेल्फीची झुंबड, समोर पिंग आन टॉवर ५९९ मीटर.

त्याच माणसानं १९८९ मध्ये तियानआनमेनला सैन्य पाठवायचा निर्णय घेतला, टेकडीवर त्याचा उल्लेखही नाही, आणि तिथं कुणाला विचारायची माझी काही हिंमत झाली नाही. जायचं असेल तर पायऱ्या आहेत, पाणी बरोबर ठेवा, दमट हवेत चांगलीच दमछाक होते.